मामांची पक्की भिंत

राहायच्या घराची भिंत हलली तर माणसे घराबाहेर पळतात. चित्रपटासाठी उभारलेल्या घराची भिंत हलली नाही तर माणसे डोक्याला हात लावून बसतात. हा दुसरा प्रकार क्वचितच घडतो. मी तो प्रत्यक्ष पाहिला आहे, आणि हात लावून बसलेल्यांत मीही होतो.

ते घर माझ्या बायकोने आखले होते. तांत्रिक महाविद्यालयात आम्ही एकाच वर्गात होतो. बांधकाम शाखेत ती एकटी मुलगी. खिशात पोलादी टेप, कानामागे पेन्सिल आणि दिसेल ती वस्तू मोजून पाहण्याची खोड. पहिल्या सहामाहीतच तिचे नाव ‘फूटपट्टी’ पडले, आणि लग्नानंतरही मी ते बदलले नाही. पुढे मी त्याच महाविद्यालयात रेखाचित्रण शिकवू लागलो, तेव्हापासून ती मला ‘मास्तर’ म्हणते. फिटंफाट झाली.

तिला त्या महाविद्यालयात घातले तिच्या मामांनी. मामा म्हणजे तिच्या आईचा सर्वांत धाकटा भाऊ, व्यवसायाने पूल बांधणारा अभियंता. ‘मुलीला विटा-वाळूचं शिक्षण कशाला’ असा घरात सूर निघाला, तेव्हा मामांनी भाचीचा हात धरला, तिला थेट प्राचार्यांपुढे नेऊन उभे केले आणि सांगितले, “ही माझ्यानंतर पूल बांधणार.”

पूल काही तिने बांधला नाही. शिक्षण संपवून ती एका बांधकाम कंपनीत लागली. एके दिवशी कंपनीने तिला एका स्टुडिओत पाठवले. तिथल्या सेटवरचा जिना डुगडुगत होता, नायिका त्यावर पाय ठेवायला तयार नव्हती. फूटपट्टीने दोन आडवे टेकू देऊन जिना पक्का केला, वर चढून पाहिला आणि शेवटच्या पायरीवर थबकली. पुढे मजलाच नव्हता. नुसती हवा, आणि खाली एक माणूस चहा पीत बसलेला.

“मास्तर, जिन्याला वरचा मजलाच नाही!” संध्याकाळी ती मला सांगत होती. “आणि कुणाला त्याचं काहीसुद्धा वाटत नाही!”

तिच्या डोळ्यांतली चमक पाहून मी मनातल्या मनात तिच्या नोकरीला निरोप दिला. महिन्याभरात ती एका कलादिग्दर्शकाच्या हाताखाली रुजू झाली. काही वर्षांनी स्वतः कलादिग्दर्शिका झाली. टपाल कचेरी, तुरुंग, जहाजावरची खोली, श्रीमंताचा दिवाणखाना, अशी किती ठिकाणे तिने उभारली आणि पाडली, याची गणती तिलाही नाही. काम करण्याची तिची एक पद्धत होती. भिंत उभी राहिली, रंग वाळला, की ती त्या खोलीत एकटी बसायची आणि इथे राहणारा माणूस अंधारात दिव्याचे बटण कुठे चाचपत असेल, खुर्ची मागे सरकवताना भिंतीला कुठे घासत असेल, याचा विचार करायची. मग त्या जागी मळ लावायची. मळ मात्र स्वतःच्या हाताने. ते काम दुसऱ्यावर सोपवायचे नसते, असे तिचे ठाम मत. आमच्या घरी बैठकीच्या दाराची कडी कित्येक वर्षे लोंबत होती, तो भाग वेगळा. दिव्याखाली अंधार असायचाच.

या सगळ्या काळात मामांचा एकच प्रश्न असे. घरी आले, पाणी प्यायले, की विचारायचे, “काय भाचीबाई, यंदाचं घर कधी पाडताय?”

“पुढच्या शुक्रवारी. तू ये, हातोडा देते.”

“आमचे पूल बघ. वरून गाड्या जातात, खालून नदी जाते, पूल तिथल्या तिथे.”

“तुझ्या पुलाला स्वयंपाकघर नसतं, तरी मी कधी बोलले का?”

मामा हसत, पण त्यांच्या मनात एक सल अडकून राहिला होता, हे आम्हा दोघांनाही माहीत होते. ज्या भाचीसाठी ते सगळ्यांशी भांडले, ती पडायचीच घरे बांधते, हे त्यांना काही केल्या पटत नव्हते.

पन्नाशी उलटून गेल्यावर फूटपट्टीकडे एक तरुण दिग्दर्शक आला. त्याची कथा साधी होती. एक वृद्ध स्त्री आयुष्यभर राहिलेले घर सोडते. बस्स. अनेक निर्मात्यांनी त्याला विचारले होते, “पण यात घडतं काय?” फूटपट्टीने कथा एका बैठकीत वाचली आणि म्हणाली, “यात घर आहे.” पहिल्यांदाच एका चित्रपटाचे मुख्य पात्र घर होते. ते दुसऱ्या कुणाच्या हाती द्यायला तिचे मन तयार होईना, म्हणून ती स्वतःच निर्माती झाली. “आजवर ज्या माणसाशी भांडत आले,” ती मला म्हणाली, “तो आता रोज सकाळी आरशात दिसतो.”

चित्रपटाचा सगळा भार शेवटच्या प्रसंगावर होता. वृद्धा स्वयंपाकघरातून निघते, मधल्या खोलीतून आणि बैठकीतून चालत दारापर्यंत येते आणि बाहेर पडते. हे सारे एकाच सलग शॉटमध्ये, न तोडता. त्यासाठी तिन्ही खोल्या एका ओळीत होत्या आणि एका बाजूची लांब भिंत ‘सुटी’ ठेवायची होती. प्लायवूडच्या चौकटी खिळ्यांवर नुसत्या टेकवायच्या, वेळ आली की चार माणसांनी उचलून बाजूला न्यायच्या आणि तिथे रूळ टाकून कॅमेऱ्याची गाडी तिच्या बरोबरीने चालवायची.

सेट उभारायच्या वेळीच मुख्य सुताराची कंबर धरली. फूटपट्टीला बाजारातली आणि बस थांब्यावरची दृश्ये चित्रित करायला सगळ्यांसह बाहेर जायचे होते. मामा निवृत्त होऊन घरी बसले होते आणि मोलकरणीला फडताळ कसे लावावे हे शिकवून तिचा जीव नकोसा करत होते. ते म्हणाले, “मी बघतो. घरच तर आहे.”

“मामा, नकाशात आहे तसंच कर हं.”

“पोरी, तू जन्मायच्या आधीपासून मी नकाशे वाचतोय.”

आम्ही परतलो ते शेवटच्या प्रसंगाच्या दिवशीच सकाळी. वेळ मोजकीच होती. वृद्धेची भूमिका करणाऱ्या ज्येष्ठ अभिनेत्री, ज्यांना सगळे नुसते ‘बाई’ म्हणत, दुसऱ्या दिवशी नाटकाच्या संचाबरोबर परदेशी जाणार होत्या आणि कित्येक महिने परतणार नव्हत्या. स्टुडिओही उद्यापासून दुसऱ्यांचा. आज तो शॉट मिळाला तर चित्रपट होता. नाहीतर एक म्हातारी बाजारातून घरी येते आणि पुढे काहीच नाही.

घर मात्र अप्रतिम झाले होते. फूटपट्टी तिन्ही खोल्यांतून फिरली. दारे नेमकी मिटत होती, खिडक्या न कुरकुरता उघडत होत्या. तिने मामांच्या खांद्यावर हात ठेवला. मामा फुलले.

“चला, भिंत काढा,” ती म्हणाली.

चार माणसे भिंतीला भिडली. भिंत हलली नाही. आणखी दोघे आले. मग कॅमेरामनने कोट काढला. भिंत ढिम्म.

“अरे, काय करताय?” मामा धावत आले. “ती निघायची नाही!”

“का?”

मामांचा चेहरा वाढदिवसाची भेट उघडून दाखवणाऱ्या माणसासारखा झाला. “तू नकाशात ‘सुटी’ लिहिलं होतंस. म्हटलं, घाईत राहून गेलं पोरीचं. भिंत कधी सुटी असते का? खाली माणसं वावरणार. पडली एखाद्याच्या डोक्यावर तर? आत लोखंडी खांब घातले, जमिनीत बोल्ट ठोकले, वरून तुळई फिरवली. सगळं वेल्डिंग. समोरच्या भिंतीलाही तसंच केलं, नाहीतर जोड विजोड दिसला असता.” मग ते थोडे ओशाळले. “छत तेवढं घालायला वेळ मिळाला नाही. त्याची माफी असावी.”

दिग्दर्शक जागच्या जागी खाली बसला. मी डोक्याला हात लावला. रंगाऱ्याने विचारले, “कापून काढू?” मामांनीच उत्तर दिले, पण आता त्यांचा आवाज बदललेला होता. सगळ्यांचे चेहरे पाहून काहीतरी चुकले आहे हे त्यांना उमगू लागले होते. “कापायची तर ठिणग्या उडणार, कोपऱ्यात पडदे आहेत. आणि एकमेकांत बांधलेल्या आहेत सगळ्या. एक कापली की बाकीच्यांचं प्लॅस्टर जाईल. दोन दिवस तरी हवेत.” ते थांबले. “ती... खरंच काढायची होती?”

“काढायचीच होती, मामा,” फूटपट्टी शांतपणे म्हणाली. “आमच्याकडे भिंत काढण्यासाठीच लावतात.”

आयुष्यात पहिल्यांदाच मामांच्या हातून पक्के बांधल्याचा गुन्हा घडला होता.

फूटपट्टी भिंतीपाशी गेली. तिने टेप काढला. मला हायसे वाटले. ती मोजू लागली की तिचे डोके चालू झाले असे समजावे. तिने भिंतीवर मूठ आपटली. स्टूल घेतले, वर चढली, भिंतीचा माथा चाचपला. मग समोरच्या भिंतीकडे पाहिले, मग मोकळ्या वरच्या बाजूकडे.

“मामा, हिच्यावर वजन किती चालेल?”

“म्हणजे?” दुखावलेल्या स्वरात मामा म्हणाले. “हत्ती चढव.”

“दोन माणसं आणि कॅमेरा?”

“हत्ती म्हटलं ना.”

“तुझ्याकडे लोखंडी गर्डर उरलेत का?”

“उरणार नाहीत तर काय? मी नेहमी जास्तीचे मागवतो.”

“मग दोन्ही भिंतींवर आडवा एक पूल टाक. खाली चाकं. पूल भिंतींच्या माथ्यावरून सरकला पाहिजे, स्वयंपाकघरापासून दारापर्यंत. भिंत बाजूला होत नाही ना? आपण तिच्या वरून जाऊ.”

क्षणभर कुणाला काही कळले नाही. मला कळले, कारण तीस वर्षे मी मुलांना तेच शिकवले होते. घर वरून, छताविना पाहणे. “अगं,” मी म्हणालो, “हा तर प्लॅन झाला!”

“प्लॅनच आहे, मास्तर. घर मी जन्मभर असंच पाहिलंय, कागदावर, वरून. ते आजवर दुसऱ्या कुणी पाहिलं नाही.”

मामांनी शर्टाच्या बाह्या दुमडल्या. सत्तरी ओलांडलेला तो माणूस पुढचे काही तास चाळिशीचा झाला. “ए, तो गर्डर इकडे! तिरका धरू नकोस, लग्नात मिरवतोयस का?” अशा हाकांनी स्टुडिओ दणाणला. त्यांनी दोन्ही टोकांना दोर बांधले, माणसे वाटून दिली, इशारा रुमालाने द्यायचा हे ठरवले.

दिग्दर्शक मात्र अजून साशंक होता. “पण ताई, वरून बाईंचा चेहराच दिसणार नाही.”

बाई कोपऱ्यात पाय पसरून बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, “बाळा, पन्नास वर्षं लोकांनी माझा चेहराच बघितलाय. आता जरा चाल बघू देत. आणि दारापाशी मी वर बघेन की.”

“वर का बघाल?”

“घर सोडताना माणूस शेवटी छताकडेच बघतो. कुठे गळत होतं ते.”

दिग्दर्शकाने वही मिटली आणि मनापासून हसला.

आता वेगळीच धांदल उडाली. वरून पाहायचे तर आजवर न दिसणाऱ्या जागा दिसणार होत्या: कपाटांचे माथे, पलंगामागची फट, दारावरची फळी. तिथे सगळीकडे कोरे प्लायवूड. फूटपट्टीने टाळ्या वाजवून सगळ्यांना बोलावले. “तुमच्या घरी कपाटावर काय असतं? खरं सांगा.”

“चाकं तुटलेली बॅग,” कॅमेरामन म्हणाला.

“बंद पडलेला पंखा. दुरुस्त करायचाय, करायचाय म्हणून.”

“माझ्या नवऱ्याची हार्मोनियम,” मेकअप करणारी म्हणाली. “शेजाऱ्यांच्या विनंतीवरून.”

तासाभरात स्टुडिओच्या गोदामातून आणि लोकांच्या गाड्यांतून हे सारे जमा झाले. फूटपट्टी शिडीवर चढून प्रत्येक वस्तूवर धूळ पसरत होती, स्वतःच्या हाताने. एकच अडचण उरली. भिंतींचे माथे. त्यांची उघडी लाकडे आणि लोखंड वरून जखमेसारखे दिसत होते. ती माझ्याकडे वळली. “मास्तर, पहिल्या वर्षी पहिला धडा कोणता?”

“प्लॅनमध्ये कापलेली भिंत,” मी आणि मामा एकदमच म्हणालो, “काळी भरायची.”

रंगाऱ्याने भिंतींचे माथे काळेभोर रंगवले. स्टुडिओच्या छताखालच्या, दिवे टांगायच्या जाळीवर चढून मी खाली पाहिले. जाड काळ्या रेघांत बसलेल्या तीन खोल्या, त्यांत पलंग, टेबल, खुर्च्या, सतरंजी. जिवंत नकाशा.

कॅमेरामन पुलावर चढायला निघाला, तोच मामांनी त्याला अडवले. “आधी भार चाचणी.” त्यांनी पुलावर सहा दणकट माणसे चढवली, आणि स्वतः खाली, मधल्या खोलीत, नेमके पुलाखाली जाऊन उभे राहिले. हात मागे, मान ताठ.

“मामा, बाहेर ये!” फूटपट्टी ओरडली.

“नाही. पुलावर पहिला भार चढतो तेव्हा बांधणारा खाली उभा राहतो. आमच्याकडची रीत आहे. सरकवा रे!”

पूल सरकला. मामांच्या डोक्यावरून सहा माणसे गेली आणि परत आली. मामांनी खिशातून चष्मा काढला, भिंतीच्या कडेला डोळा लावला आणि मान डोलावली. फूटपट्टी त्यांच्याकडे पाहत होती. तिचा टेप उघडाच राहिला होता, हे तिच्या लक्षातही नव्हते.

पहिला टेक सुरू झाला आणि लगेच थांबला. एक चाक किंकाळी फोडत होते. मेकअप करणारीने केसांना लावायचे तेल आणले, चाक सुगंधी झाले आणि गप्प बसले. दुसरा टेक दिग्दर्शकानेच थांबवला. कॅमेऱ्याला जोडलेल्या छोट्या पडद्यावर बोट ठेवून तो म्हणाला, “कपाटावर हा स्टीलचा डबा कुणाचा?”

“माझा,” मामा म्हणाले. “दुपारचं जेवण आहे. राहूनच गेलं.”

कुणीतरी डबा काढायला धावले. “राहू द्या,” फूटपट्टी म्हणाली. “घर सोडताना माणूस काहीतरी विसरतोच.”

बाईंनी आपल्या गुडघ्यांकडे पाहिले. “अजून एकदाच हं. त्यानंतर हे दोघं संपावर जाणार.”

तिसरा टेक. मामांनी रुमाल हलवला. पूल निघाला. खाली बाई स्वयंपाकघरातून चालू लागल्या, आणि मला त्यांच्या डोक्यावरचा भांग, वाकलेले खांदे, भिंतीवरून सरकत जाणारा हात एवढेच दिसत होते. चौकटीखाली त्या क्षणभर नाहीशा होत आणि पुढच्या खोलीत पुन्हा उगवत. मधल्या खोलीत त्यांनी खुर्ची टेबलाखाली नीट सरकवली. ते कुणी सांगितले नव्हते. बैठकीत एका उशीला थोपटले. दारापाशी थांबल्या. आणि वर पाहिले. ते हसू होते की रडू, हे मी आजही सांगू शकणार नाही, पण त्यात त्या घरातली सारी वर्षे होती. मग त्या दाराबाहेर पडल्या, आणि पूल रिकाम्या घरावर तसाच थांबून राहिला.

“कट,” दिग्दर्शक कुजबुजला. त्याला ओरडायचे सुचले नाही. ओरडले ते बाकीचे सगळे. पुलावरून कॅमेरामनने टोपी खाली भिरकावली, ती बरोबर डब्याशेजारी कपाटावर पडली. फूटपट्टी मामांच्या गळ्यात पडली. मामा तिच्या पाठीवर थोपटत म्हणाले, “बस बस. पूल बांधलास शेवटी.”

“तू बांधलास.”

“मी फक्त गर्डर टाकले. पूल कुठून कुठे न्यायचा, ते तुला दिसलं.”

घर पाडायला मात्र पुढे चार दिवस लागले. नव्या निर्मात्याची माणसे दारात ताटकळत उभी होती, आणि मामा घामाघूम होऊन आपणच ठोकलेले बोल्ट सोडवत होते. फूटपट्टी शेजारी चहा पीत बसली होती. “काय मामा, यंदाचं घर कधी पाडताय?” तिने विचारले. मामांनी पाना तिच्यावर उगारला, आणि मग दोघेही इतके हसले की ताटकळणारी माणसेही हसू लागली.

चित्रपट लागला त्या दिवशी आम्ही तिघे एकाच रांगेत बसलो होतो. शेवटचा प्रसंग आला. काळ्या रेघांचे घर पडद्यावर उलगडले, बाई चालू लागल्या, आणि सारे चित्रपटगृह स्तब्ध झाले. पुढच्या रांगेतला एक गृहस्थ रुमाल शोधत होता. फूटपट्टीने माझा हात घट्ट धरला होता. तिच्या नखांच्या खुणा मला नंतर मोजता आल्या असत्या. बाईंनी दारापाशी येऊन वर पाहिले. कुणीतरी हुंदका दिला.

आणि त्या शांततेत मामांचा आवाज, त्यांच्या मते दबका, शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचला:

“बघ. भिंत सूतभरही वाकली नाही.”